काळ्या थेंबाखालची होडी

हऱ्या, तू गेल्यापासून मी गुळाला हात लावलेला नाही. आमच्याकडे चहा गुळाचाच होतो, म्हणून चहाही सुटला. बायको विचारते तेव्हा पित्ताचं कारण सांगतो. तिला अजून सगळं सांगितलेलं नाही. आधी तुला सांगतो. निम्मं तर तुला माहीतच आहे.

तुझ्या बाराव्याला नवापूरच्या घरी लोक तुझ्याबद्दल बोलत होते. बोईसरच्या दुकानात कुणाचा मिक्सर अडवला नाही, कुणाचा पंखा उद्यावर टाकला नाही. सगळं खरं होतं. पण घरामागच्या पडवीबद्दल कुणी बोललं नाही, कारण ती फारशी कुणी पाहिलीच नव्हती. पत्र्याखाली रचलेले ते प्लॅस्टिकचे डबे. प्रत्येकात एकेक जुना हातातला गेम, आणि प्रत्येकावर तुझ्या अक्षरातली चिठ्ठी: कुठून आला, कुणी दिला, काय बिघडलं, कुणाच्या हातून बिघडलं. शेवटचा प्रश्न तू कधी सोडायचा नाहीस. मी एकदा म्हणालो होतो, हे काय पोलिस ठाणं आहे का? तू म्हणालास, दोष द्यायला लिहीत नाय, पुढचा दुरुस्त करणारा फसू नये म्हणून लिहितो.

कुंभवलीच्या भंगारवाल्याला तू सांगून ठेवलं होतंस, असलं काही आलं की बाजूला काढ. कंपन्यांमधली मुलं गावाकडून आणलेले बंद पडलेले गेम तुझ्याकडे टाकून जायची. त्यातला एक बिहारचा मुलगा आठवतो. बटण तुटलेला गेम काउंटरवर ठेवून तो म्हणाला होता, "भैया, बन जाए तो ठीक, नहीं तो वैसा ही दे देना. फेंकना मत." तो गेल्यावर तू माझ्याकडे असं बघितलंस, जसं काही तुझ्या बाजूचा साक्षीदारच मिळाला.

कारण आपलं भांडण तेच होतं. मी म्हणायचो, खेळणी आहेत रे, माणसं नाहीत. तू कॅसेटवाल्या गेममधला प्रोग्राम कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायचास, मग एम्युलेटरवर तोच गेम पडद्यावर चालायचा. एम्युलेटर म्हणजे काय, हे मला कळेना तेव्हा तू जव्हारकडच्या बोहाड्याचं, त्या देवांच्या सोंगांच्या जत्रेचं उदाहरण दिलंस. मुखवटा चढवला की त्या रात्रीपुरता तो माणूस देवच ना? तसं कॉम्प्युटर त्या जुन्या यंत्राचं सोंग घेतो, आणि गेमला वाटतं आपण आपल्याच घरी आहोत. हे सांगताना तुझा चेहरा इतका गंभीर होता की मला हसू आलं. तू रागावलास. "माणूस गेला की अख्खं गाव येतं, सुध्या. हा गेला तर कुणाला कळणार पण नाय."

आता त्या होडीबद्दल.

आपण आठवीत होतो तेव्हा तुझा बोटीवरचा काका तो निळा गेम घेऊन आला. तळहाताएवढा, मागे कंपनीचं नाव नाही, फक्त एक नंबर. पडद्यावर एक होडी, वर ढग, खाली लाटांत हात वर केलेली माणसं. होडी डावी-उजवी करून बुडणाऱ्यांना वेचायचं. एक सुटला की कोपऱ्यात एक फुली. तीन फुल्या झाल्या की खेळ खलास. मच्छीमारांच्या घरातला तू, तुला तो खेळ खेळ वाटायचाच नाही. फुली पडली की तू खरोखर हळहळायचास.

दिवाळीच्या सुट्टीत तो तू मला बेटेगावला न्यायला दिलास. मी चार दिवस खेळलो आणि मग विसरलो. महिन्याने परत द्यायची वेळ आली तेव्हा आतले सेल पाझरले होते. सेलला टेकणाऱ्या पत्र्या हिरव्या पडलेल्या, पडदा मेलेला. मी फडक्याने पुसलं, सेल फेकले, गेम पिशवीत घातला आणि तुझ्या हातात दिला. काही बोललो नाही. तू नवे सेल घालून बघितलेस. दोन दिवस तू आपल्या खाऱ्या हवेला शिव्या दिल्यास. मी तुझ्या शेजारी बसून त्या शिव्यांना मान डोलावली.

हऱ्या, हे मी तुला पस्तीस वर्षांत सांगितलं नाही.

म्हणून, मागच्या वर्षी त्या भंगारवाल्याकडे तुला तसाच दुसरा निळा गेम सापडला, तेव्हा तुझ्याइतकाच मी हललो. चालू होता. तू जगभरच्या याद्या धुंडाळल्यास, परदेशातल्या जुने गेम जतन करणाऱ्या मंडळींना विचारलंस. त्या नंबरचा गेम कुणाकडेच नव्हता. आणि तुझ्या हातातल्या गेमच्या पडद्यावर कोपऱ्यातून काळा डाग पसरत चालला होता. दर महिन्याला तू फोटो काढायचास. होडीची उजवी बाजू आधी गेली, मग एक लाट.

या गेमला कॅसेट नाही. याचा सगळा जीव सर्किटच्या हिरव्या पाटीवरच्या एका काळ्या थेंबाखाली. त्या घट्ट थेंबाच्या आत तिळाएवढी चिप, आणि तिच्यावर तो खेळ ठिपक्यांत कोरलेला. थेंब आम्लाने विरघळवायचा, चिप सूक्ष्मदर्शकाखाली धरायची, फोटोंतून ठिपके वाचायचे. मग होडी कॉम्प्युटरवर चालेल. पण तो गेम मात्र कायमचा संपणार.

त्यावर आपण किती भांडलो. मी म्हणालो, जगातला शेवटचा नग तू वाचवायला म्हणून फोडणार? तू म्हणालास, तसाही तो मरतोच हाय, मी फक्त त्याच्या आत काय हाय ते मरायच्या आधी विचारून घेतो. मी म्हणालो, मग चिप त्या परदेशातल्या लोकांना पाठव, त्यांचा तो रोजचा धंदा आहे. तू नाही म्हणालास. याआधी पाठवलेला एक गेम वाटेतच गहाळ झाला होता, त्याचा धसका तू घेतला होतास. हा पण गेला तर, एवढंच म्हणालास. आणि मग माझ्याकडे बघितलंस. मी कंपनीच्या लॅबमध्ये आहे, हे तुला सांगावं लागलं नाही.

मी नाही म्हणू शकलो असतो. पिशवीतला तो पहिला गेम आड आला. मला वाटलं, एवढं आणून दिलं की ते फिटेल.

आम्लाची छोटी बाटली होती. डिकीत ठेवण्याआधी मी तिचं लेबल नखाने खरवडून काढलं. कुणी बघितलं तर कुठल्या लॅबची ते कळू नये म्हणून. तुझ्या हातात दिली ती पाण्यासारखी दिसणारी, नाव नसलेली बाटली. वस्तूवर चिठ्ठी नाही असं तुझ्या पडवीत काही नव्हतं. ती पहिली वस्तू मी आणली.

दोनदा आपण टाकाऊ गेमच्या चिपवर हात बसवला. बाहेर, वाऱ्याकडे पाठ करून, मी शेजारी. मी अट घातली होती, मी असेन तेव्हाच. तू हो म्हणालास. मग त्या रविवारी माझ्या मेव्हणीच्या मुलीचं लग्न माकुणसारला निघालं. सकाळी तुझा फोन आला की आज दुकान बंद आहे, करून टाकतो. मी थांब म्हणालो. तू म्हणालास, डाग आता मधल्या माणसांपर्यंत आलाय. मागे वाजंत्री वाजत होती, कुणीतरी मला हाका मारत होतं. मी म्हणालो, बरं, कर, पण बाहेर कर.

तू बाहेरच सुरू केलंस. वारा वाढला. चिप उघडी पडत आली, तिळाएवढी, आणि वाऱ्याने ती वाळूत गेली असती तर अख्ख्या किनाऱ्यावर शोधूनही मिळाली नसती. म्हणून तू सगळं उचलून पडवीत नेलंस आणि दार लावून घेतलंस.

हे तू मला संध्याकाळी फोनवर हसत हसत सांगितलंस. चिप स्वच्छ निघालीय. तांबूस धूर जरा जास्त झाला, खोकला आला, आता बरं हाय.

मी दर महिन्याला कंपनीत नव्या कामगारांपुढे उभा राहून एक वाक्य बोलतो. तांबूस धूर लागला तर बरं वाटत असलं तरी दवाखान्यात जायचं, कारण तो लगेच मारत नाही. पहिला त्रास ओसरतो, माणूस कामाला लागतो, आणि कधी कधी दोन-तीन आठवड्यांनी फुप्फुसं धरतात. तोंडपाठ आहे मला. हे तुला न सांगता मी तुला म्हणालो, "गूळ खा. दूध पी थोडं."

का? कारण आमच्या शेडमध्ये सगळे तेच म्हणतात. धूळ गेली, गूळ खा. धूर गेला, गूळ खा. त्याने फुप्फुसातलं काही निघत नाही हे मला माहीत आहे, तरी तोंडातून तेच आलं. आणि खरं सांगायचं तर दवाखाना म्हटलं असतं तर तिथे कसला धूर, कुठून आणलं, हे विचारलं गेलं असतं. तो विचार माझ्या मनात आला होता, हऱ्या. गुळाच्या आधी आला होता.

दुसऱ्या दिवशी तू ठणठणीत होतास. मी सुटलो असं समजलो. पण पुढचे पंधरा दिवस मी रोज काहीतरी निमित्त काढून तुला फोन केला, ते तुला जाणवलं का? तू बोलायचास आणि मी तुझा श्वास ऐकायचो.

अठराव्या दिवशी ताप आला. विसाव्या दिवशी तू इस्पितळात होतास, नाकातोंडावर मास्क, छाती भात्यासारखी. ज्योत्स्ना वहिनी माझ्याशी बोलत होत्या, बहुतेक स्वतःला धीर द्यायला. "तसे जपत होते हो. रोज जेवून गुळाचा खडा खायचे. सुध्याने सांगितलंय म्हणायचे." तेवढ्यात डॉक्टर आले. फाइल बघत त्यांनी विचारलं, "कोई केमिकल, गैस, धुआँ? काम पे या घर पे?"

वहिनी म्हणाल्या, "नाय डॉक्टर. कंपनीत नाय ते. रिपेअरिंगचं दुकान हाय."

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. मी त्यांच्यापासून हातभर अंतरावर होतो. सव्वीस वर्षांची नोकरी, मुलीचं शेवटचं वर्ष, लॅबमधून चोरलेली बाटली, पोलिस, सगळं एका दमात डोळ्यांसमोर आलं. मी खाली बघितलं. डॉक्टर पुढच्या खाटेकडे गेले. मनात म्हणालो, उद्या सकाळी डॉक्टरांना एकटं गाठून सांगतो. दुसऱ्या दिवशी सकाळी तुझ्या तोंडात नळी होती. वाटलं, आता काय उपयोग. तिसऱ्या दिवशी दुपारी तू गेलास.

सांगितलं असतं तर वाचला असतास का, मला माहीत नाही. मी वाचून काढलं, वेगळी औषधं देतात, कधी लागू पडतात, कधी नाही. ते ‘कधी’ माझ्या उशाशी येऊन बसलंय.

बाराव्यानंतरच्या आठवड्यात तुझ्या भावाचा सहज फोन आला. पावसाआधी पडवी रिकामी करायची आहे, रविवारी बायका मिळून साफसफाई काढतायत. ती बाटली तिथेच होती. नाव नसलेली, पाण्यासारखी, मी लेबल खरवडलेली. कुणीही झाकण उघडून वास घेईल. कुणीही ती मोरीत ओतेल. त्या खेळातल्यासारखं मला दिसलं, दोन फुल्या पडल्या आहेत आणि तिसरं माणूस लाटांत हात वर करून बुडतंय.

शनिवारीच मी नवापूरला पोचलो. वहिनी ओट्यावर सुकट निवडत होत्या. मी म्हणालो, मागे जरा आवरून देतो. त्या म्हणाल्या, "बघा ना."

ज्या फळीवर बाटली होती तिथे नव्हती. डब्यांच्या मागे नव्हती, टेबलाखाली नव्हती. मी गुडघ्यांवर बसून कोपरे चाचपले. कुणी उघडली? कुणी नेली? घरातून आवाज का येत नाही? उठलो तर वहिनी दारात उभ्या होत्या.

"बाटली शोधताय ना, भाऊजी?"

मी मान हलवली.

"ती मागं माडाखाली ठेवलीय. वाळूत अर्धी पुरून, वर घमेलं पालथं घालून. चिठ्ठीत तसंच लिहिलेलं."

त्यांनी पदराच्या टोकाची गाठ सोडून चिठ्ठी माझ्या हातात दिली. तुझं अक्षर. *पाणी नाय. ॲसिड हाय. उघडू नये, वास घेऊ नये. वाळूत उभी ठेवावी. सुधीरला बोलवावं.* मी खरवडलेल्या लेबलाच्या जागी तू ही चिठ्ठी लावली होतीस. कुठून आली, ती ओळ तू रिकामी ठेवली होतीस. तुझ्या पडवीतली मी पाहिलेली पहिली रिकामी ओळ.

"ही कधी मिळाली?"

"बाराव्याच्या आदल्या दिवशी."

"मग मला का बोलवलं नाहीत?"

"नाय बोलवलं. तुमी येता का, ते बघायचं होतं."

आत त्यांनी मला बसायला सांगितलं नाही, मीही बसलो नाही. सगळं उभ्यानेच सांगितलं. बाटली, लग्न, फोन, गूळ. गुळापाशी त्यांनी डोळे मिटले. डॉक्टरांच्या प्रश्नापाशी आलो तेव्हा त्यांनी मला थांबवलं.

"तेव्हा तुमी माझ्या बाजूलाच होतात."

"हो."

"‘नाय’ माझ्या तोंडून गेलं. नवऱ्याबद्दल शेवटचं विचारलं त्यांनी मला, आणि मी खोटं सांगितलं. तुमच्यामुळं मी खोटं सांगितलं."

माफी हा शब्द मी तोंडाशी आणला आणि गिळला, कारण माफी मागितली तर त्यांना काहीतरी द्यावं लागलं असतं.

मग त्यांनी कपाटातून दोन डबे आणून माझ्यापुढे ठेवले. एकात कापसावर ती तिळाएवढी चिप होती. दुसऱ्यात, हऱ्या, तो पहिला निळा गेम होता. पस्तीस वर्षं तू तो ठेवला होतास. हिरव्या पत्र्यांसकट. चिठ्ठीवर होतं: *नग पहिला. काकाने आणला. सेल पाझरून बंद, चिपही गेली. कुणाच्या हातून:* आणि पुढे काही नाही.

तुला माहीत होतं का? की खरंच नव्हतं, म्हणून रिकामं? की त्या ओळीवर माझं नाव यायला हवं हे कळून तू ती माझ्यासाठी सोडलीस, बाटलीवरच्या ओळीसारखीच? मी वहिनींना विचारलं. त्या म्हणाल्या, "मला नाय ठाऊक. ते सगळं लिहायचे, एवढं मला ठाऊक हाय. तुमी लिहा."

बाटली मी त्या दिवशी नेली आणि सोमवारी लॅबमध्ये रीतसर निकामी केली. करताना साहेबांना बोलावून घेतलं आणि कुठून आली ते सांगितलं. त्यांनी लेखी मागितलं आहे. दिलं आहे. पुढे काय होणार ते ठरलेलं नाही. गेटवरून नाव पुकारलं की हातातलं काम थांबतं. त्या डॉक्टरांनाही जाऊन सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाले, "पहले बोलना चाहिए था."

पालघरच्या एका कॉलेजातल्या मॅडमनी चिपचे फोटो काढू दिले. भिंगातून पाहिलं तेव्हा दिसलं ते शेतात लावलेल्या भातरोपांच्या चुडांसारखं, ओळींमागून ओळी. एका कडेला ओरखडा आहे. परदेशातली ती मंडळी ठिपके वाचतायत. त्यांनी कळवलं की ओरखड्याखालचं वाचता येईल की नाही, सांगता येत नाही. होडी चालेल आणि ढग येणारच नाहीत, असंही होईल. किंवा काहीच चालणार नाही. त्यांच्या पुढच्या पत्राची मी रोज वाट बघतो आणि ते येऊ नये असंही वाटतं. चाललं नाही तर तू कशासाठी गेलास, हे मी वहिनींना कसं सांगू?

आपलं भांडण अर्धंच राहिलं. मी म्हणायचो, खेळणं आहे, माणूस नाही. आता मला तुझ्यापुढे हरायचं आहे आणि तू नाहीस.

हा मजकूर तुझ्या संग्रहात, त्या होडीच्या फोल्डरमध्ये ठेवतो आहे, म्हणजे पुढे जो कुणी तो खेळ उघडेल त्याला आधी हे दिसेल. आणि काल तिन्ही चिठ्ठ्या घेऊन बसलो. तुझंच निळं पेन वापरलं. अक्षर वाकडं आलं आहे, तुला आवडलं नसतं.

नग पहिला. सेल पाझरून बंद. कुणाच्या हातून: सुधीर.

बाटली. कुठून आली: सुधीर, लॅबमधून, न विचारता.

तिसरी चिठ्ठी चिपच्या डब्यावरची आहे. तिच्यावर तू गेमचा नंबर आणि तो रविवार लिहून ठेवला होतास. खाली मी लिहिलं: *उघडताना हरेशला धूर लागला. हरेश गेला. धुराबद्दल विचारलं तेव्हा ज्योत्स्ना यांना माहीत नव्हतं. सुधीरला माहीत होतं.*